दारूचा पूर्ण हिशेब

महाराष्ट्राच्या अर्थसंकल्पात दरवर्षी ‘राज्य उत्पादन शुल्क’ या शीर्षाखाली एक आकडा येतो. २०२३-२४ साली तो सुमारे २३ हजार कोटी रुपये होता. पुढच्या वर्षी २५ हजार कोटींच्या पुढे गेला. हे उत्पन्न जवळजवळ सगळे दारूचे, आणि विक्रीवरचा मूल्यवर्धित कर त्याखेरीज. आकडा वाढला की खात्याची पाठ थोपटली जाते, उद्दिष्ट हुकले की अधिकाऱ्यांना जाब विचारला जातो. याच अर्थसंकल्पात दुसरा एक आकडा मात्र कुठेही सापडत नाही: त्याच वर्षी दारूपायी राज्याने काय गमावले. रुग्णालयात अडलेल्या खाटा, रस्त्यावरचे मृत्यू, बुडालेली मजुरी, गहाण पडलेले दागिने, शाळा सोडून कामाला लागलेली मुले यांची बेरीज करण्याचे काम कोणत्याही खात्याकडे सोपवलेले नाही. जमेची बाजू पैन्‌पै लिहायची आणि खर्चाची बाजू कोरी ठेवायची, असे केले तर कोणताही धंदा नफ्यातच दिसेल. या पुस्तकाचा विषय ही कोरी बाजू आहे. दारूच्या महसुलाला राज्याची कमाई समजणे ही मुळात हिशेबाची चूक आहे आणि ती दुरुस्त झाल्याशिवाय दारूबद्दलचे कोणतेही धोरण सरळ मार्गाला लागणार नाही, एवढेच मला येथे मांडायचे आहे. महसूल, कारखाना, शरीर आणि घर अशा चार अंगांनी पुढील प्रकरणे हा हिशेब मांडतात; त्यांच्यामागचा विचार आधी स्पष्ट करणे हे प्रस्तावनेचे काम.

दारूवर राज्य चालवण्याची रीत आपण वसाहतकाळाकडून घेतली. मुंबई इलाख्यात १८७८ साली अबकारी कायदा झाला आणि मद्यनिर्मिती सरकारच्या मक्त्याखाली गेली. मोहाच्या फुलांची दारू घरच्या घरी गाळणारा आदिवासी गुन्हेगार ठरला आणि त्याच पाड्याजवळ मक्तेदाराचे दुकान कायदेशीर झाले. १८९२ साली तर खुद्द मोहाच्या फुलांवर निर्बंध घालणारा कायदा आला. पिणे कमी व्हावे हा त्यामागचा हेतू नव्हता; प्यायलेल्या प्रत्येक घोटावर सरकारचा वाटा पक्का व्हावा हा होता. आपल्याकडच्या जाणत्यांनी हे लवकर ओळखले. पुणे नगरपालिकेचे सभासद असलेल्या जोतीराव फुल्यांनी १८८० साली शहरातील दारूच्या दुकानांना लेखी हरकत घेतली. १९०८ साली लोकमान्य टिळकांच्या पुढाकाराने पुण्यात दारूच्या दुकानांपुढे पिकेटिंग झाले. १९२२-२३ मध्ये दक्षिण गुजरात आणि लगतच्या पट्ट्यातील आदिवासींनी देवी चळवळीत सामुदायिकरीत्या दारू सोडली, तेव्हा दुकानदारांचे आणि सरकारचे उत्पन्न एकदमच घसरले. सामाजिक विचारांत एकमेकांपासून दूर असलेली ही माणसे दारूच्या प्रश्नावर एका बाजूला उभी दिसतात. दारू कोणाच्या खिशातून पैसा काढते आणि तो कोणाच्या हाती देते, हे त्या सर्वांना दिसले होते.

स्वातंत्र्यानंतर संविधानाच्या ४७ व्या अनुच्छेदाने औषधी उपयोग वगळता मादक पेयांचे सेवन बंद करण्याचा प्रयत्न राज्याने करावा, असे मार्गदर्शक तत्त्व घालून दिले. मात्र त्याच संविधानाने दारूचे नियमन आणि तिच्यावरचा कर हे दोन्ही राज्यांच्या सूचीत ठेवले. पुढे २०१७ साली वस्तू व सेवा कर आला आणि बहुतेक करांचे दर ठरवण्याचा राज्यांचा स्वतंत्र अधिकार गेला. पिण्याची दारू त्या कराबाहेर राहिली, पेट्रोल-डिझेलही राहिले. त्यामुळे स्वतःच्या मर्जीने कर वाढवायचा तर राज्यांच्या हाती मोजकीच साधने उरली आणि त्यांतले सर्वांत सोपे दारू हे ठरले. हे अवलंबित्व किती खोल आहे हे दोन प्रसंगांत उघड झाले. महामार्गांपासून ५०० मीटरच्या आत दारूची दुकाने नकोत, असा आदेश सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१६ मध्ये अपघातांचे कारण देऊन दिला, तेव्हा अनेक राज्यांनी दुकाने हलवण्याऐवजी रस्त्यांचा महामार्ग हा दर्जाच काढण्याची खटपट केली. मे २०२० मध्ये टाळेबंदी थोडी सैल होताच जी दुकाने प्रथम उघडली त्यांत दारूची दुकाने होती; दिल्लीने तर लागलीच ७० टक्के जादा कर लावला. माणसांनी एकमेकांपासून दूर राहावे म्हणून सगळा देश घरात बसवलेला असताना दुकानांपुढे रांगा लागू दिल्या गेल्या, कारण तिजोरीला दुसरा आधार सुचला नाही. ज्या वस्तूचा खप कमी करणे हे राज्याचे कर्तव्य, तिच्याच खपावर राज्याचा घरखर्च चालतो, अशी ही स्थिती आहे.

या खपाची शारीरिक किंमत आता पुरेशी स्पष्ट झाली आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२४ च्या अहवालानुसार २०१९ या एका वर्षात जगभरात सुमारे २६ लाख मृत्यू दारूमुळे झाले. मद्याला कर्करोगकारक पदार्थांच्या पहिल्या गटात १९८८ सालीच टाकण्यात आले आहे; तोंड, घसा, स्वरयंत्र, अन्ननलिका, यकृत, मोठे आतडे आणि स्त्रियांमध्ये स्तन या अवयवांच्या कर्करोगाशी त्याचा संबंध सिद्ध आहे. तंबाखू आणि दारू एकत्र आल्या की तोंडाच्या व घशाच्या कर्करोगाचा धोका कितीतरी पटींनी वाढतो, आणि तंबाखू मळणाऱ्या आपल्या समाजात ही जोडी सर्रास आढळते. यकृताच्या सिऱ्होसिसचे दारू हे भारतातील एक प्रमुख कारण आहे. जगातील क्षयरुग्णांपैकी जवळपास चौथा हिस्सा आपल्या देशात असताना, अतिमद्यपानाने क्षयाचा धोका वाढतो आणि उपचार अर्धवट सुटतात, हेही विसरून चालणार नाही. ‘थोडी घेतली तर हृदयाला बरी’ हा समज बराच काळ टिकला. त्यामागच्या अनेक अभ्यासांत न पिणाऱ्यांच्या गटात आजारपणामुळे दारू सोडलेली माणसेही मोजली गेली होती, त्यामुळे तुलनेत पिणारे धडधाकट दिसत. आरोग्याच्या दृष्टीने दारूचे कोणतेही प्रमाण सुरक्षित म्हणता येत नाही, असे जागतिक आरोग्य संघटनेने २०२३ च्या जानेवारीत स्पष्ट केले.

आकड्यांकडे वळलो की प्रश्नाचा आकार दिसतो. दिल्लीच्या एम्सने केंद्र सरकारसाठी केलेल्या, २०१९ साली प्रसिद्ध झालेल्या पाहणीत देशात सुमारे १६ कोटी माणसे दारू पितात असे आढळले. त्यांपैकी सुमारे ५.७ कोटी लोकांना पिण्यामुळे मदतीची गरज होती. दारूवर अवलंबून असलेल्या ३८ जणांमागे एकालाच कसला तरी उपचार मिळाला होता. पाचव्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत महाराष्ट्रातील १५ वर्षांवरील पुरुषांपैकी सुमारे १४ टक्के आणि स्त्रियांपैकी अर्ध्या टक्क्याहून कमी दारू पिताना आढळल्या. म्हणजे पिणारे बहुतेक पुरुष आहेत, पण भोगणारे तेवढेच नाहीत. त्याच पाहणीत, ज्यांचे पती वारंवार नशेत असतात अशा देशभरातील सुमारे ७० टक्के विवाहित स्त्रियांनी पतीकडून हिंसा सोसल्याचे सांगितले. पती पीत नाही अशांत हे प्रमाण २३ टक्क्यांच्या आसपास होते. दारू हे हिंसेचे एकमेव कारण नाही, पुरुषसत्तेची मुळे त्याहून जुनी आहेत. तरीही एवढी मोठी तफावत दुर्लक्षून दारूला केवळ पिणाऱ्याची खासगी बाब म्हणणे सत्याला धरून नाही.

या सगळ्याची पैशांत किंमत करता येते का? भारतातील सार्वजनिक आरोग्याच्या संशोधकांनी तसा प्रयत्न केला आणि तो २०१९ साली प्रसिद्ध झाला. उपचारांचा खर्च, बुडालेले उत्पादन आणि समाजाला सोसावी लागणारी इतर हानी धरून, त्यातून दारूवरच्या करांचे सारे उत्पन्न वजा केल्यानंतरही, २०११ ते २०५० या काळात देशाचे दरवर्षी सरासरी राष्ट्रीय उत्पन्नाच्या १.४५ टक्के नुकसान होईल, असा त्यांचा अंदाज आहे. अशा अंदाजांत गृहीतके असतात आणि ती तपासून पाहिलीच पाहिजेत. पण हा आकडा अर्ध्यावर आणला तरी उत्तराची दिशा पालटत नाही: कर वजा करूनही हिशेब तोट्यातच राहतो. शिवाय मिळकत आणि नुकसान एका ठिकाणी पडत नाहीत. मिळकत दर महिन्याला एका खात्यात जमा होते, मोजली जाते आणि तिची बातमी होते. नुकसान लाखो घरांत विखुरते: कोणाची दिवसाची मजुरी बुडते, कोणाच्या अंगावर खासगी सावकाराचे कर्ज चढते, कोणाच्या बायकोला चार घरची धुणीभांडी जास्त धरावी लागतात. विखुरलेल्या नुकसानीला विधानसभेत बाजू मांडणारा कोणी नसतो. त्यात हा कर गरिबावर अधिक जड पडतो. देशी दारूच्या चपटीवर खर्च होणारे ७०-८० रुपये हा शेतमजुराच्या रोजच्या कमाईचा मोठा हिस्सा असतो. महागडी बाटली घेणाऱ्याच्या उत्पन्नात त्याच्या खर्चाची साधी नोंदही उमटत नाही.

येथे पहिला आक्षेप उभा राहतो तो रोजगाराचा आणि शेतकऱ्याचा. साखर कारखान्यांतील मळीपासून मद्यार्क बनतो, नाशिकच्या द्राक्षांपासून वाइन, छत्रपती संभाजीनगरजवळच्या कारखान्यांत बिअर. हा उद्योग बसला तर ऊसकरी आणि कामगार कुठे जातील, असे विचारले जाते. प्रश्न खरा आहे, पण त्याचे उत्तर गेल्या काही वर्षांत अधिक सोपे झाले आहे. पेट्रोलमध्ये १० टक्के इथेनॉल मिसळण्याचे उद्दिष्ट देशाने २०२२ साली गाठले आणि २०२५ मध्ये प्रमाण २० टक्क्यांपर्यंत गेले. मळीपासून बनणाऱ्या मद्यार्काला आता इंधनाचे प्रचंड मोठे गिऱ्हाईक आहे, रसायन आणि औषध उद्योग आहेतच. उसाच्या पाण्याचा आणि इथेनॉलसाठी वळणाऱ्या धान्याचा प्रश्न वेगळा आणि गंभीर आहे. पण ऊसकऱ्याचा संसार पिणाऱ्याच्या घशावर अवलंबून आहे, असे आता म्हणता येणार नाही. वाइनचा वाटा तर एकंदर मद्यव्यवसायात फारच लहान आहे. द्राक्षउत्पादकांचे मुख्य उत्पन्न खाण्याच्या द्राक्षांवर आणि बेदाण्यावर चालते. याहून महत्त्वाचा मुद्दा असा की जो रुपया दारूवर खर्च होत नाही तो हवेत विरत नाही. तो किराणा, कपडे, मुलांची फी, घराची डागडुजी यांवर खर्च होतो, तेथेही माणसे कामाला लागतात आणि बहुतेक वस्तूंवर करही भरला जातो. दारूच्या किमतीत कराचा वाटा मोठा आणि मजुरीचा लहान असतो, म्हणून त्याच रुपयात शिंप्याच्या किंवा गवंड्याच्या हाताला अधिक काम मिळते.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. हा पैसा नसेल तर कल्याणकारी योजना कशा चालतील? २०२४ साली ‘मुख्यमंत्री माझी लाडकी बहीण’ योजनेतून स्त्रियांना महिना दीड हजार रुपये मिळू लागले. तिजोरीवर ताण वाढलेला असताना जून २०२५ मध्ये मंत्रिमंडळाने दारूवरचे शुल्क वाढवले आणि त्यातून वर्षाला सुमारे १४ हजार कोटींची भर पडेल असा अंदाज सांगितला गेला. स्त्रीच्या हातात थेट पैसा देणे चांगलेच आहे. पण तो पैसा तिच्याच घरातील पुरुषाच्या व्यसनातून उभा होणार असेल, तर एका हाताने दिलेले दुसऱ्या हाताने काढून घेतले जाते, आणि मधल्या मधे तिच्या वाट्याला आजारपण आणि मारहाण उरते. इतिहासात याहून धीट उत्तरे दिली गेली आहेत. मद्रास प्रांतात राजगोपालाचारींच्या मंत्रिमंडळाने दारूबंदीने होणारी तूट भरून काढण्यासाठी १९३९ साली विक्रीकर आणला. त्याच वर्षी मुंबईत उत्पादन शुल्क मंत्री डॉ. गिल्डर यांनी दारूबंदी लागू केली, तेव्हा सरकारने शहरातील स्थावर मालमत्तेवर कर बसवला आणि मालमत्ताधारकांचा रोष पत्करला. पुढे विक्रीकर हाच राज्यांचा सर्वांत मोठा आधार झाला. दारूच्या उत्पन्नाला पर्याय नसतो असे म्हणणाऱ्यांनी हा इतिहास पाहावा: पर्याय शोधले तेव्हा सापडले.

तिसरा आक्षेप असा की बंदी फसते, चोरटी दारू वाढते आणि विषारी दारूने माणसे मरतात. हा आक्षेप मी अजिबात झटकणार नाही. २००४ च्या वर्षअखेरीला विक्रोळीत आणि २०१५ च्या जूनमध्ये मालवणीत मिथेनॉलमिश्रित दारूने प्रत्येकी शंभराच्या आसपास बळी घेतले. मात्र ही दोन्ही ठिकाणे बंदीच्या मुलखातील नव्हती. जवळ परवानाधारक दुकाने असूनही स्वस्त हातभट्टी चालत होती. गुजरातेत बंदी असून २००९ साली अहमदाबादेत आणि २०२२ साली बोटादमध्ये असेच मृत्यू झाले. म्हणजे विषारी दारूचे मूळ गरिबी, पोलिसांची मिलीभगत आणि मिथेनॉलच्या साठ्यावरची ढिली देखरेख यांत आहे. बंदी असो वा नसो, ते उपटावेच लागेल. बिहारमध्ये २०१६ पासून पूर्ण बंदी असूनही कुटुंब पाहणीत तेथील पुरुषांमध्ये पिण्याचे प्रमाण महाराष्ट्राहून थोडे जास्तच दिसले आणि हजारो गरीब तुरुंगात गेले. दुसरीकडे, त्याच बंदीने पुरुषांचे नियमित पिणे आणि स्त्रियांवरील पतीची हिंसा यांच्या प्रत्येकी वीस लाखांहून अधिक घटना टळल्या, असे २०२४ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासाचे अनुमान आहे. या दोन गोष्टी एकाच वेळी खऱ्या असू शकतात. खप घटल्याने माणसे वाचतात, आणि नुसत्या पोलिसी बळावर घटवलेला खप टिकत नाही.

रशियाचा अनुभव हेच दाखवतो. १९८५ साली गोर्बाचेव्ह यांनी घाईने मोहीम काढली, तेव्हा दोन वर्षांत पुरुषांचे सरासरी आयुर्मान सुमारे ६२ वरून ६५ वर्षांच्या घरात गेले. तिजोरी रिकामी होऊ लागताच मोहीम मागे पडली, पुढे सोव्हिएत व्यवस्था कोसळली आणि १९९४ साली ते आयुर्मान ५८ च्याही खाली आले. २००३ नंतर मात्र रशियाने शांतपणे किमान किंमत, रात्रीच्या विक्रीवर बंदी, जाहिरातींवर निर्बंध आणि बाटलीगणिक नोंद असे उपाय टप्प्याटप्प्याने केले. २०१६ पर्यंत माणशी खप ४३ टक्क्यांनी घटल्याचे जागतिक आरोग्य संघटनेने नोंदवले. स्कॉटलंडने २०१८ साली मद्यार्काच्या प्रत्येक एककाला किमान किंमत ठरवून दिली आणि केवळ दारूमुळे होणारे मृत्यू त्यामुळे सुमारे १३ टक्क्यांनी कमी झाले. तो कायदा तेथील व्हिस्की उत्पादकांच्या संघटनेने वर्षानुवर्षे न्यायालयात अडवून धरला होता. आपल्याकडे गडचिरोलीत १९९३ साली जिल्हाबंदी आली ती लोकांच्या मागणीवर, आणि तेथे डॉ. अभय बंग यांच्या पुढाकाराने २०१६ पासून ‘मुक्तिपथ’ हा प्रयोग गावसंघटना, अंमलबजावणी आणि व्यसनमुक्ती उपचार यांची सांगड घालत आला आहे. चंद्रपुरात २०१५ साली आलेली बंदी २०२१ मध्ये उठली. तिचे परिणाम मोजून, त्रुटी दुरुस्त करून मग निर्णय घेता आला असता.

उरतो आक्षेप स्वातंत्र्याचा. प्रौढ माणसाने काय प्यावे हे सरकारने का ठरवावे? मी हा प्रश्न आदराने घेतो, कारण नैतिकतेच्या नावाने दुसऱ्याच्या ताटात डोकावण्याची आपल्या समाजाची सवय वाईट आहे, आणि मोहाची दारू सणाविधीला वापरणाऱ्या आदिवासीला गुन्हेगार ठरवण्याचा इतिहास त्याहून वाईट. पण व्यसन जडल्यावर निवडीचे स्वातंत्र्य किती उरते? इंग्लंडमधील दारूविक्रीचा २०१८ साली प्रसिद्ध झालेला अभ्यास सांगतो की उद्योगाचे सुमारे ६८ टक्के उत्पन्न शिफारस केलेल्या मर्यादेपेक्षा जास्त पिणाऱ्यांकडून येते. सगळे ग्राहक उद्यापासून बेताने पिऊ लागले तर हा उद्योग आजच्या आकारात उभा राहू शकत नाही. ‘जबाबदारीने प्या’ असा सल्ला देणाऱ्या उद्योगाचा ताळेबंद बेजबाबदार पिण्यावर उभा असेल, तर त्या सल्ल्यावर धोरण ठरवता येणार नाही. आणि स्वातंत्र्य गावालाही असते. आपल्या राज्यात गावातले दुकान बंद करायचे तर स्त्रियांनी सह्या गोळा करायच्या, मतदान घडवून आणायचे आणि यादीतील एकूण मतदारांपैकी निम्म्याहून अधिकांची मते आडव्या बाटलीला, म्हणजे दुकानबंदीच्या चिन्हाला, मिळवायची. जे घरी बसले त्यांचे मत आपोआप उभ्या बाटलीच्या बाजूने धरले जाते. एवढा कठीण निकष आपण आमदार निवडतानाही लावत नाही.

जून २०२५ च्या निर्णयात आपल्या धोरणाचा गोंधळ एकत्र दिसतो. भारतीय बनावटीच्या विदेशी मद्यावरचे शुल्क निर्मितीमूल्याच्या तीनपटीवरून साडेचारपटीवर नेले. आरोग्याच्या दृष्टीने हे योग्यच, कारण किंमत वाढली की खप घटतो आणि तरुण पिणाऱ्यांवर त्याचा परिणाम अधिक होतो. पण त्याच निर्णयाने धान्यापासून बनणाऱ्या ‘महाराष्ट्र मेड लिकर’ या नव्या, स्वस्त वर्गाला वाट करून दिली, म्हणजे महागाईमुळे मागे सरकणाऱ्या ग्राहकाला थांबवून ठेवण्याची सोय केली. २००७ साली धान्यापासून मद्यार्क बनवणाऱ्या कारखान्यांना अनुदान देण्याच्या धोरणाला राज्यभर विरोध झाला होता. त्यातून घ्यायचा धडा घेतला गेला नाही. महसूल वाढवणे हे उद्दिष्ट असेपर्यंत असेच होणार: दर वाढतील आणि दुकानेही वाढतील.

म्हणून या पुस्तकाची मागणी सरसकट बंदीची नाही, आणि आजचे मुक्तद्वार चालू ठेवण्याचीही नाही. राज्यातला एकूण खप दरवर्षी ठरावीक प्रमाणात घटवणे हे उद्दिष्ट कायद्याने ठरावे. दारूविषयक धोरण महसूल गोळा करणाऱ्या खात्याकडून काढून आरोग्याच्या यंत्रणेकडे जावे. थायलंडने २००१ साली दारू-तंबाखूच्या शुल्कावर दोन टक्के अधिभार लावून आरोग्यसंवर्धनाचा स्वतंत्र निधी उभारला, तसा निधी येथे उभा राहून प्रत्येक तालुक्यात व्यसनमुक्तीचा उपचार मोफत मिळावा. सोडा, ग्लास, संगीत यांच्या आडून होणाऱ्या जाहिराती थांबाव्यात. गावाच्या मतदानात झालेल्या मतांचे बहुमत पुरेसे मानावे. आणि अर्थसंकल्पात दारूच्या महसुलाशेजारी त्या वर्षी विकले गेलेले लिटर, दारूमुळे झालेले मृत्यू आणि त्यापायी झालेला सार्वजनिक खर्च छापणे सक्तीचे व्हावे. पुढची प्रकरणे या प्रत्येक मागणीचा पुरावा देतात. वाचकाने तो कसून तपासावा आणि कमी पडेल तेथे खोडून काढावा. एवढे मात्र मान्य व्हायला हवे की उत्पादन शुल्क विभागाचे यश विकल्या न गेलेल्या बाटल्यांत मोजायचे आहे. तसे मोजमाप सुरू झाले की दारूच्या उत्पन्नातली घट ही अर्थमंत्र्यांनी सभागृहात अभिमानाने सांगावी अशी बातमी ठरेल.